चार तिकिटं, माझ्यासकट

बागेच्या तिकीटखिडकीतला पोरगा वाईट नव्हता, हे आधीच सांगून टाकते. वीस-बावीस वर्षांचा असेल. एका कानात इअरफोन, पुढ्यात तिकिटांचं पुस्तक, शेजारी स्टीलच्या डब्यात चिल्लर. डिसेंबरातली दुपार होती, मुद्दाम उन्हात जाऊन बसावं अशी. आम्ही चौघं होतो : मी, व्हीलचेअरवर आत्या, अमेरिकेहून आलेली माझी चुलत बहीण रेवती आणि तिचा एकोणीस वर्षांचा मुलगा अर्णव. पोरानं आत्याकडे पाहिलं, मग तिच्या डोक्यावरून माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाला, "ताई, आजींचं तिकीट नाही लागत. फ्री आहे त्यांचं. कार्ड असंल तं दाखवून द्या फक्त." मी आत्याच्या पर्सकडे हात नेला, तर तिनं पर्स मांडीवरून उचलून छातीशी धरली. तेवढ्यात रेवतीनं विचारलं, याला ऑटिझम आहे, याचं काही वेगळं आहे का? पोरानं अर्णवला खालून वर न्याहाळलं. सहा फूट उंच, पायात भारी बूट, आणि फाटकाचे गज मोजण्यात पुरता गुंतलेला. "याले काय झालं? चांगला तं दिसून राह्यला." रेवतीचा चेहरा उतरला. ती काही बोलणार, इतक्यात आत्यानं पर्सची चेन उघडून शंभराची नोट खिडकीत सरकवली. "चार तिकिटं दे. माझ्यासकट." "अहो आजी, पण तुमचं फ्री..." "चार."

तिकिटं मिळाली आणि आत जायचं अडलं. बागांना हल्ली दुचाक्या आणि गाई-म्हशी शिरू नयेत म्हणून नागमोडी पाइप लावतात ना, त्यातून व्हीलचेअर जाईना. शेजारचं मोठं फाटक होतं, पण कुलूपबंद. किल्ली माळ्याकडे, आणि माळी जेवायला गेलेला. तो येईपर्यंत आम्ही भिंतीच्या सावलीत उभे राहिलो. आत्यानं चारही तिकिटं मुठीत घट्ट धरली होती. रेवती आणि मी एकमेकींकडे पाहत होतो. लागलं असेल हिला, असं आमच्या दोघींच्या मनात आलं. "जाऊ दे गं आत्या, त्याला बोलायची रीत नाही," असं काहीतरी मी म्हणाले. त्यावर ती म्हणाली, "मला कोण काय बोललं? गप्प राहा दोघी."

नंतर ती आत लॉनवर मजेत बसली. संत्री सोलून फोडी अर्णवच्या हातावर ठेवत होती, सालं मात्र नीट पिशवीत. लागल्याची काही खूण नव्हती. मग ती नोट कशासाठी सरकवली? फुकट नको होतं म्हणून? पण ही बाई भाजीवाल्याकडून कोथिंबीर फुकट घेतल्याशिवाय हलत नाही. चाळीस वर्षं बँकेत नोटा मोजलेली, एका रुपयाचाही हिशेब लागतो तिला. सवलत नाकारणं हे तिच्या स्वभावात कुठंच बसत नव्हतं.

हे मला चांगले काही दिवस पुरलं.

माझ्या लहानपणी आत्याकडे साइडव्हीलवाली कायनेटिक होती. मागच्या चाकाच्या दोन्ही बाजूंना एकेक जादा चाक जोडलेली, पुढं टोपली, कुबड्या अडकवायला बाजूला वेल्डिंग करून घेतलेला हूक. तिला दुसऱ्या वर्षी पोलिओ झाला तेव्हा लसच आपल्याकडे धड पोचली नव्हती. उजवा पाय गेला, डाव्यात थोडं बळ राहिलं. पायाला बांधायचा लोखंडी आधार, म्हणजे कॅलिपर, मांडीपर्यंत. बसताना गुडघ्याजवळची कडी वर सरकवायची, उठताना पाय ताणून खाली पाडायची. कडी पडली की खट् असा आवाज यायचा. तो आवाज आला की आम्हा भावंडांना कळायचं, आत्या निघाली. मग पायऱ्यांवरून आमची पळापळ, कारण पुढं उभं राहायला एकालाच मिळायचं आणि मागं दोघांना. आजच्या हिशेबानं प्रत्येक चौकात चलान फाटलं असतं. नागपुरातल्या लॉ कॉलेज चौकातून गाडी डुलत डुलत महाराजबागेकडे जायची. वळणावर आत्या ओरडायची, "आत झुका!" आणि आम्ही बाहेर झुकायचो.

महाराजबागेत वाघ दिसायच्या आधी त्याचा वास यायचा. तो उग्र, ओलसर, दुपारच्या उन्हात शिजलेला वास मला अजून आठवतो, आणि पिंजऱ्यापुढं फुटाण्याच्या पुड्या घेऊन उभी असलेली माणसंही. आत्या फार आत यायची नाही. खडीच्या वाटेवर कुबडी रुतायची. तिकीट काढायचं, पुड्या घेऊन द्यायच्या आणि पहिल्याच बाकावर बसून राहायचं, हा तिचा नेम. आमच्यापैकी एखादा मामा-काका सोबत असला आणि खिशात हात घालू लागला तर ती त्याला अडवायची. "मी आणलंय ना? मग मी देणार." घरात याला कोणी काही म्हणत नसे. आजी सगळ्यांदेखत म्हणत आली होती की हिला जन्मभर कोणीतरी बघावं लागेल. त्यावर आत्यानं तोंडानं कधी उत्तर दिलं नाही. बँकेतल्या पहिल्या पगारातून मेटॅडोर ठरवली आणि आजीसकट सगळं बिऱ्हाड रामटेकला नेऊन आणलं. खिंडसीच्या काठावर डबे उघडले. तो फोटो अजून बैठकीत आहे. आजी त्यात चक्क हसते आहे.

पोलिओ झालेल्यांना उतारवयात तो पुन्हा गाठतो, हे फार लोकांना ठाऊक नसतं. स्नायू दुसऱ्यांदा थकतात. जी अंगं इतकी वर्षं जादा भार वाहत आलेली असतात, ती आधी संपतात. याला पोस्ट-पोलिओ सिंड्रोम म्हणतात. आत्याचे खांदे गेले. कुबड्या सुटल्या, मग गाडी. कायनेटिक घ्यायला आलेल्या माणसानं साइडव्हीलं आमच्याच अंगणात पाना घेऊन खोलली आणि तिथंच भिंतीला टेकवून ठेवून गेला, त्याला ती नको होती. बरीच वर्षं ती तशीच होती. एका पावसाळ्यात भंगारवाल्यानं नेली. त्यानंतर आत्याला कुठंही जायचं तर कोणाचा तरी रविवार मोकळा असावा लागतो. दवाखान्यात मी नेते, लग्नाला भाऊ नेतो, बागेत ज्याला सवड असेल तो. ती तक्रार करत नाही. फक्त निघताना विचारते, "तुझं काही काम तर नाही ना अडत?" हे वाक्य पूर्वी तिच्या तोंडी कधीच नव्हतं.

आपल्याकडच्या सवलतींची भाषा पाहिली का तुम्ही? मी आत्याच्या फायली लावताना पाहिली. तिच्याकडे आधी एका सरकारी दवाखान्याचं पिवळं पडलेलं, लॅमिनेट केलेलं प्रमाणपत्र होतं, आता यूडीआयडी कार्ड, म्हणजे दिव्यांगांचं सरकारी ओळखपत्र आहे. एमएचनं सुरू होणारा लांबलचक नंबर, पिवळा पट्टा. पांढरा पट्टा ४० टक्क्यांच्या खालच्या अपंगत्वाला, पिवळा ४० ते ७९, निळा ८० आणि वर. आत्याला डॉक्टरांच्या बोर्डानं ६० दिले. "फर्स्ट क्लास हो, डिस्टिंक्शन थोडक्यात हुकलं," असं ती येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगते. यातला विनोद सोडून दिला तर आकड्यानं फरक पडतोच. एसटीत ४० टक्क्यांच्या वर असलात की तिकिटात ७५ टक्के सूट. सोबत्याला ५० टक्के हवी असेल तर मात्र तुम्ही ६५ टक्के हवेत. आत्याच्या सोबत्याची सूट पाच मार्कांनी गेली. रेल्वेचं त्याहून न्यारं. तिथली ७५ टक्के सवलत हवी तर डॉक्टरनं लिहून द्यावं लागतं की ही व्यक्ती सोबत्याशिवाय प्रवास करू शकत नाही. आत्या बँकेच्या ट्रेनिंगला मुंबई-पुण्याला एकटी जायची. ती म्हणाली, "मी एकटी जाते. उगा खोटं काय म्हणून लिहून घेऊ?" आणि आयुष्यभर पूर्ण भाड्यानं गेली. तेव्हा घरात तिला सगळ्यांनी हट्टी म्हटलं होतं. पैसे वाचवायचे तर आधी मान्य करायचं की मी एकटी निघू शकत नाही. हा सौदा तिला महाग वाटला. सोबती कोणीतरी धडधाकट असणार, तो नेणार आणि ही जाणार, हे या सगळ्या कागदांनी गृहीतच धरलेलं आहे.

बागेतून आलो त्या रात्री रेवती झोपाळ्यावर बसून अर्णवच्या पासबद्दल सांगत होती. ती राहते अॅरिझोनात, फिनिक्सला. उन्हाळा अगदी आपल्यासारखा, नवतपा बारमाही असल्यासारखा, असं तिचं म्हणणं. तिथल्या केंद्र सरकारच्या ताब्यातली राष्ट्रीय उद्यानं, जंगलं, तलाव, अभयारण्यं अशी २००० हून अधिक ठिकाणं एका पासावर पाहता येतात. त्या पासाचाच एक प्रकार म्हणजे अॅक्सेस पास. कायमचं अपंगत्व असलेल्या तिथल्या नागरिकाला किंवा कायम रहिवाशाला तो फुकट आणि तहहयात मिळतो. टक्केवारी नाही. अपंगत्व कायमचं असावं आणि रोजच्या जगण्यातल्या एखाद्या मोठ्या गोष्टीला त्यानं अडवलेलं असावं. शंभर टक्के असायची गरज नाही, असं नियमातच लिहिलेलं आहे. डॉक्टरचं पत्र किंवा सरकारी कागद दाखवला की उद्यानाच्या दारातच हातात पडतो. घरबसल्या मागवला तर १० डॉलर हाताळणीखर्च.

पण रेवती त्यात रंगून सांगत होती ती गोष्ट वेगळीच. ग्रँड कॅन्यनला गाडीमागं ३५ डॉलर पडायचे. पास अर्णवचा, मागं सही अर्णवची. आणि त्या पासावर अर्णव ज्या गाडीत आहे ती अख्खी गाडी आत जाते. जिथं माणशी तिकीट असतं तिथं तो आणि आणखी तीन मोठी माणसं. सोळाच्या आतल्या मुलांना तसंही तिकीट नसतंच. म्हणजे झालं काय, की खिडकी खाली होते, रेंजर वाकतो, आणि मागच्या सीटवरून अर्णव स्वतः कार्ड पुढं करतो. ओळखपत्रही तोच दाखवतो. हे त्यानं कधीच दुसऱ्या कोणाला करू दिलेलं नाही. मग मोजतो : मॉम, डॅड, ताई, मी. "फोर विथ मी." कोणी विचारलेलं नसतं, गाडीमागं तिकीट असल्यावर माणसं मोजायची गरजही नसते. तरी तो मोजतो, कारण ती त्याची माणसं आहेत आणि त्याच्यामुळे आत चालली आहेत. शाळेत, डॉक्टरकडे, विमानतळावर हा मुलगा सतत कोणाच्या तरी मागोमाग असतो. त्या एका दारात सगळं कुटुंब त्याच्या मागोमाग असतं. रेवती म्हणाली, एकदा तो घरी राहिला आणि हे तिघं गेले, तर पास घरात असून पैसे भरावे लागले. "त्याला इतका आनंद झाला की विचारू नकोस."

आत्या आत पडून होती. दिवा बंद होता, पण मला वाटतं ती ऐकत होती.

अमेरिकेचे गोडवे गायला मी बसलेले नाही. रेवती स्वतःच सांगते की अर्णवच्या थेरपीसाठी विमा कंपनीशी भांडण्यात तिची उमेदीची वर्षं गेली; आणि पास असो नसो, त्या उद्यानांपर्यंत पोचायला स्वतःची गाडी लागते. शिवाय फुकट आत जाऊन पुढं काय, हा प्रश्न तिथंही आहेच. फक्त तो प्रश्न कोणीतरी विचारलेला दिसतो. ग्रँड कॅन्यनच्या दक्षिण काठावरचा हर्मिट रोड मार्चपासून नोव्हेंबरपर्यंत खाजगी गाड्यांना बंद असतो, सगळ्यांनी बसनं जायचं. ज्यांना बसमध्ये चढणं-उतरणं जमत नाही त्यांना वेगळा परवाना मिळतो, गाडी थेट कड्यापर्यंत नेता येते. तिकिटाच्या माफीइतकाच हा दुसरा कागदही मला महत्त्वाचा वाटला.

आपल्याकडे कागद कमी नाहीत. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात करमणुकीचा आणि सांस्कृतिक जीवनाचा हक्क वेगळ्या कलमात लिहिलेला आहे, एकोणतिसाव्या. सुगम्यतेच्या, म्हणजे सगळ्यांना सगळीकडे जाता-येता यावं यासाठीच्या नियमांना सुप्रीम कोर्टानं ८ नोव्हेंबर २०२४ ला चांगलं फैलावर घेतलं. नियम १५ मधली मानकं नुसती शिफारस म्हणून ठेवता येणार नाहीत, बंधनकारक हवीत, असा तो निकाल. राजीव रतुरी यांनी ती याचिका २००५ साली केली होती. आत्यानं त्या बातमीचं कात्रण ठेवलंय, कडेला पेन्सिलीनं हिशेब : १९ वर्षं. रॅम्पचा उतार एकास बारा, म्हणजे एक फूट चढायला बारा फूट लांबी, हेही तिनंच मला शिकवलं. त्यानंतर शहरातले रॅम्प पाहण्याची मला खोडच लागली. पायऱ्यांवर सिमेंट ओतून केलेली घसरगुंडी हा आपल्याकडचा सर्वात लोकप्रिय नमुना. मेट्रोची स्टेशनं त्या मानानं लाख बरी, लिफ्ट आहे, जमिनीत पिवळ्या उठावाच्या फरश्या आहेत. लिफ्टनं खाली उतरून रस्त्यावर आलात की फुटपाथवर रसवंतीचं चरक आणि उभ्या केलेल्या गाड्या. तिथून पुढं ज्याचं त्यानं.

२०२३ च्या सुरुवातीला पारडीकडे 'अनुभूती इन्क्लुझिव्ह पार्क' उभारत असल्याचं जाहीर झालं. ९० हजार चौरस फुटांचं, कायद्यातल्या एकवीसही प्रकारच्या अपंगत्वांचा विचार करून, हातानं चाचपता येईल आणि वासानं ओळखता येईल अशा झाडांची बाग असलेलं. मी उत्साहानं आत्याला वाचून दाखवलं. "चांगलं आहे. करावं," ती म्हणाली. मग थोड्या वेळानं, "पण तुम्ही जिथं फिरायला जाता तिथंही यायचंय मला." एवढ्यावर विषय संपला. एका चांगल्या बागेचं कौतुक करायला हरकत नाही, पण बाकीच्या बागांच्या नागमोडी पाइपांना त्यानं सूट मिळू नये, असं मलाही वाटतं.

तर ती शंभराची नोट. हळूहळू माझ्या लक्षात येत गेलं की आम्ही दोघींनी तिला वेगळ्याच दुःखात बसवलं होतं. तिला त्या पोराचा राग आला नव्हता, दयेचाही नाही. बऱ्याच दिवसांनी अमेरिकेची भाची आणि नातू घरी आले होते आणि हट्टानं बागेचा बेत तिनं केला होता. फोन करून गाडी तिनं बोलावली, संत्री तिनं निवडून आणवली. म्हणजे त्या दिवशी ती आम्हाला घेऊन आली होती. खिडकीतल्या पोरानं तिला फुकट सोडलं आणि बाकी तिघांचे पैसे माझ्याकडे मागितले असते, तर एका झटक्यात मी नेणारी आणि ती सोबतचं ओझं ठरली असती. दहा-वीस रुपयांच्या माफीसाठी ती यजमानपण सोडणार नव्हती. रेल्वेच्या फॉर्मवरही तिनं तेच वाचवलं होतं.

आपल्याकडे असा पास निघालाच, तर तो सोबत्याला चिकटवलेली सूट म्हणून निघू नये. नाव तिचं असावं, सही तिची असावी, आणि माणसं तिनं आणलेली असावीत. खिडकीतल्या पोरानं तिच्याशी बोलावं, तिच्या डोक्यावरून नाही. आणि मोठ्या फाटकाची किल्ली खिडकीतच असावी. यात खर्चाचं असं काय आहे, मला तरी दिसत नाही.

रेवती परत गेल्यावर एका संध्याकाळी आत्यानं अर्णवच्या पासाचा विषय आपणहून काढला. बँकवाल्यांचे प्रश्न : रिन्यूअल? तहहयात आहे, नाही लागत. हरवला तर? बदली मिळत नाही, पुन्हा कागद दाखवून नवा घ्यायचा. फोटो? नाही, सही. "आणि गाडीत किती माणसं?" खाजगी गाडी असेल तर गाडीत बसतील तेवढी, मी म्हणाले. ती जरा वेळ छताकडे पाहत राहिली. तिला पेंचला जायचं आहे, पण वाघासाठी नाही. २०२४ मध्ये तिथं देशातलं पहिलं डार्क स्काय पार्क, म्हणजे तारे दिसावेत म्हणून अंधार राखलेली जागा झाली, तेव्हापासून तिच्या डोक्यात बसलंय की आकाश बघायला चालावं लागत नाही. "जिप्सीत सहा बसतात," ती म्हणाली. "एक मी. शकूला न्यायचं, इतकी वर्षं माझं करते आहे, सिल्लारीच्या पलीकडे माहेर आहे तिचं, पण जंगलात कधी गेली नाही. तुझा भाऊ. तू. बँकेतल्या जोशीणबाई, त्यांना डोळ्यांनी कमी दिसतं, पण येतील. वत्सलेला नाही नेणार, ती फार बोलते."

"आत्या, असा पास नाहीये आपल्याकडे," मी म्हणाले. "आणि जिप्सीला ती उंच लोखंडी पायरी असते. चढणार कशी?"

"ते वनखात्यानं पाहावं," ती म्हणाली. "मी आत्ता माणसं मोजून राहिली आहे. एक जागा उरते अजून."